मिशीखालचं बोलणं

वयाच्या तेविसाव्या वर्षी तो पहिल्यांदा म्हातारा झाला, आणि तोही एका खेळापुरता. नाटक कंपनीत म्हाताऱ्याची कामं करणारा नट तापाने आडवा पडला होता, तिकिटं संपली होती, आणि मॅनेजरने समोर दिसेल त्याच्या डोक्यावर पांढरा टोप चढवायचं ठरवलं होतं. समोर हा दिसला. तोवर ह्याचं काम म्हणजे राजाच्या दारात भाला धरून दोन अंक उभं राहणं. त्याने कंबर वाकवली, हात थरथरवला आणि घराबाहेर काढलेल्या मुलाला अशा काही आवाजात हाक मारली की शेवटच्या रांगेत रुमाल निघाले. तिसऱ्या दिवशी ताप आलेला नट बरा झाला. मॅनेजर मात्र बरा झाला नाही. त्याला आपला म्हातारा सापडला होता.

त्यानंतर बारा वर्षं हा माणूस रंगमंचावर ताठ उभा म्हणून राहिला नाही. आजोबा, आंधळे भिकारी, राजाचे वृद्ध प्रधान, मरायला टेकलेले आणि तरीही दोन प्रवेश न मरणारे बाप. त्याच्याहून आठ वर्षांनी मोठा नायक त्याला 'बाबा' म्हणून मिठी मारायचा आणि विंगेत जाऊन कानशिलावरचे पांढरे केस काळे करायचा. कंपनीत सगळे त्याला 'म्हातारा'च म्हणू लागले. ते नाव इतकं पक्कं बसलं, की त्याच्या लग्नात मुलीकडच्या मावश्या एकमेकींना विचारत होत्या, "अगं, तो म्हातारा म्हणतात तो कुठाय? आणि हा पोरगा कोण?" सगळ्यांची हसून हसून पुरेवाट झाली. तोही हसला. पंचविशीत असल्या गोष्टींचं हसू येतं.

तिशीनंतर हसू कमी झालं. पण एक गोष्ट होती, तिच्या जोरावर त्याने ते सगळं निभावून नेलं. त्याचा आवाज. ओरडावं लागायचं नाही, घसा ताणावा लागायचा नाही. तो कुजबुजला तरी शेवटच्या रांगेतला माणूस मान पुढे न काढता ऐकायचा. कंबर वाकलेली असो की दाढी कमरेपर्यंत लोंबत असो, आवाज त्याचा स्वतःचा होता आणि तो त्याच्याच वयाचा होता.

मग शहरात तापाची साथ आली. ताप घरातून गेला तेव्हा बायको गेलेली होती आणि सहा वर्षांच्या मुलीचे कान गेलेले होते. बोलायला ती आधीच शिकली होती, ते टिकलं. ऐकणं मात्र संपलं. पहिले काही महिने ती माणसांच्या तोंडाकडे टक लावून बघत बसायची. लोकांना वाटायचं, पोर बावचळली. ती बावचळली नव्हती. ती ओठ वाचायला शिकत होती, कुणीही न शिकवता. वर्षभरात समोरचा काय म्हणतो ते तिला उजेडात बरोबर कळू लागलं. अट दोन गोष्टींची. तोंड दिसलं पाहिजे आणि उजेड पाहिजे.

नाटक कंपनी वर्षातले नऊ महिने फिरतीवर असायची. आज ह्या गावात, उद्या त्या गावात, मुक्काम धर्मशाळेत नाहीतर थिएटरच्या मागच्या खोलीत. अशा ठिकाणी बहिऱ्या पोरीला घेऊन कसं फिरणार, आणि एकटीला मागे कुणाकडे ठेवणार? जवळचं नातलग उरलं नव्हतं. त्याच सुमारास गावाबाहेर काचेच्या छपराच्या एका लांबलचक शेडमध्ये सिनेमा काढणारी कंपनी सुरू झाली होती. तिच्या मालकाला एक पक्का म्हातारा हवा होता. संध्याकाळी ऊन उतरलं की काम बंद, म्हणजे माणूस जेवायला घरी. ह्याने करारावर सही केली. करारात साफ लिहिलं होतं, वृद्ध पात्रांच्या भूमिका.

आणि त्या शेडमध्ये आवाजाला काडीचं काम नव्हतं. ज्या एका गोष्टीवर तो बारा वर्षं तग धरून होता, ती गोष्ट दाराबाहेर चपलांसारखी काढून ठेवून आत जायचं. रोज. अकरा वर्षं.

आता मिशीबद्दल सांगायला हवं. ती खोटी असायची, डिंकासारख्या एका उग्र वासाच्या चिकट पाण्याने ओठावर बसवलेली, जाड, पांढरी, खालच्या ओठापर्यंत उतरलेली. संध्याकाळी ती ओढून काढताना कातडी सोलून निघायची. वरचा ओठ बाराही महिने लालबुंद. मालक एकदा म्हणाले, "अहो, स्वतःची वाढवा की. रोजची कटकट जाईल. पांढरी रंगवून घेऊ." त्याने मान हलवली. घरी मुलीला त्याचे ओठ दिसायला हवे होते. त्यावर एक केसही नको. मालकांना हे त्याने सांगितलं नाही, 'खाज सुटते' एवढंच म्हणाला. मुलीला मात्र न सांगता कळलं. ती रोज जेवणाआधी त्याच्या ओठावर दुधाची साय लावायची.

तर अशी ती मिशी. तिने त्याचं कातडं सोललं, पण त्या बदल्यात एक सोयही करून दिली. मूकपटात नटाने तोंड हलवायचं असतं, काय बोलायचं ते पाटीवर लिहून येतं. प्रेक्षक आधी तोंड हलताना बघतो, मग काळ्या पाटीवरची पांढरी अक्षरं वाचतो. ह्याचं तर तोंड हललेलंही धड दिसत नव्हतं. मग काय, हा त्या पांढऱ्या झुडपाखाली मनाला येईल ते बोलायला लागला. नायकाला आशीर्वाद देताना, "डोकं खाजवू नकोस गाढवा, टोप सरकलाय." मरणाच्या शय्येवर, "ही गादी कुणी भिजवली?" सुरुवातीला गंमत होती. पुढे पुढे गंमत उरली नाही. काचेखालच्या उन्हात घामाने निथळत, हात थरथरवत, तो मिशीखाली म्हणायचा की मी छत्तीस वर्षांचा आहे. मी एकेचाळीस वर्षांचा आहे. मला इथून जायचंय. मला मोठ्याने बोलायचंय. घरी मुलीसमोर ह्यातला एक शब्द त्याने कधी काढला नाही. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच, आणि तोंड दाबायला मिशी.

मुलगी सतरा वर्षांची झाली. हात सुरेख होता, म्हणून सिनेमा कंपनीनेच तिला पाट्यांची अक्षरं रंगवायला घेतलं. शेडच्या वरच्या मजल्यावर खिडकीपाशी तिचं टेबल होतं. एका पाटीवर दोन ओळी, त्याहून जास्त मजकूर प्रेक्षक वाचेपर्यंत पुढचं दृश्य सुरू होतं. प्रत्येक सिनेमा लागला की पहिल्या दिवशी चौथ्या रांगेत बसून ती बघायची आणि बाहेर आली की पोट धरून हसायची. कारण पडद्यावरची नायिका चंद्राकडे बघत खरं काय बोलत होती ते साऱ्या थिएटरात तिला एकटीला कळायचं. "बाबा, ती म्हणत होती, बूट चावतोय." ही गंमत कंपनीत सगळ्यांना ठाऊक होती. नट तिच्यापुढे जरा जपूनच असत.

"तुमचंच तेवढं कळत नाही," ती तक्रार करायची. "सगळी झाडीच झाडी."

"मी पाठ केलेलंच बोलतो," तो म्हणायचा.

तो शेहेचाळिसाव्या वर्षात होता तेव्हा जुना नाटकवाला मॅनेजर त्याला भेटायला शेडवर आला. आता तो खरोखरच म्हातारा झाला होता, काठी टेकत आला. अंगणात ऊन शेडमध्ये परतवायला एक पांढरा फळा उभा केला होता, त्याच्या सावलीत दोघे उभे राहिले.

"न्यायाधीशाचं काम आहे," मॅनेजर म्हणाला. "पंचेचाळिशीचा माणूस. टोप नाही, दाढी नाही, कंबर सरळ. तिसऱ्या अंकात पाच पानांचं भाषण आहे. ते शेवटच्या रांगेपर्यंत पोचवणारा माझ्याकडे कुणी नाही रे."

"फिरती किती?"

"फिरती तेवढीच. नऊ महिने."

त्याने वर खिडकीकडे पाहिलं. मुलगी ब्रश हातात धरून खालीच बघत होती. त्याने तिला हात केला आणि मॅनेजरला नाही म्हणून सांगितलं. मॅनेजर दाराबाहेर जाईपर्यंत तो न्यायाधीश कसा चालेल ते त्याच्या डोळ्यांसमोर येऊन गेलं होतं. घरी मुलीने विचारलं, "कोण आलं होतं?"

"जुना ओळखीचा. सहज आला होता."

तिसऱ्या दिवशी तुरुंगाचं दृश्य होतं. ह्याचं काम म्हाताऱ्या कैद्याचं, अनेक वर्षांनी लेक भेटायला येते आणि हा गजाआडून तिला बघून रडतो. दिग्दर्शक सकाळी म्हणाला, "तुरुंगात दाढी-मिशी ठेवू देतात का? काढा ती." ह्याला बरंच वाटलं, ओठाला एक दिवस सुट्टी. कॅमेरा अगदी तोंडाजवळ आणला. लेकीचं काम करणारी बाई शिंकांनी हैराण होऊन घरी गेली होती, म्हणून तिच्या जागी बादलीत एक झाडू उभा केला आणि त्याला तिची ओढणी गुंडाळली.

"ह्याच्याकडे बघून रडा," दिग्दर्शक म्हणाला. "वाक्य माहितीये ना? मुली, मला क्षमा कर."

झाडूकडे बघून माणसाला रडू येत नाही. त्याने दोनदा प्रयत्न केला, दिग्दर्शकाने दोनदा हात टेकले. तिसऱ्यांदा त्याने झाडूकडे बघणं सोडलं आणि तीन दिवस घशात अडकलेलं बाहेर येऊ दिलं. सवयीप्रमाणे. "तुझे कान गेले आणि माझा आवाज गेला," तो म्हणाला. "तू नसतीस तर मी केव्हाच सुटलो असतो." डोळ्यांना धार लागली. ती थांबेना. कॅमेरा चालवणारा माणूस हँडल फिरवता फिरवता नाक ओढत होता.

दिग्दर्शकाने त्याला मिठी मारली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. तो तोंड धुवायला नळावर गेला, आणि रोजच्यासारखी मिशी ओढून काढायला हात वर नेला. बोटांना नुसता ओठ लागला.

नळ वाहतो आहे आणि हा बादलीच्या काठावर बसला आहे, असा तो बराच वेळ होता.

सिनेमा लागायला महिना होता. तो महिना त्याने कसा काढला ते त्याचं त्याला माहीत. दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकाकडे गेला, म्हणाला, "ते परत घेऊ. ह्याहून चांगलं करतो." दिग्दर्शक म्हणाला, "अकरा वर्षांत पहिल्यांदा तुम्ही मला रडवलंत. आता परत कशाला?" मग फिल्म कापून जोडणाऱ्याच्या खोलीत गेला. तो बिचारा साधा माणूस. म्हणाला, "दादा, एवढा एक तुकडा सोडून काहीही सांगा. मालकांनी तो तीनदा बघितलाय." खरं कारण सांगावं तर ते वाक्य सांगावं लागणार. ते वाक्य तो कुणाला सांगणार होता? ह्या सिनेमाच्या पाट्या आधीच रंगवून झाल्या होत्या, मुलगी आता पुढच्या सिनेमाच्या रंगवत होती, एवढाच काय तो दिलासा. पण लागल्यावर ती बघणार, चौथ्या रांगेत बसून, आणि त्याचं हातभर मोठं तोंड, एकही केस नसलेलं, तिला ते वाक्य म्हणून दाखवणार. एकदा नाही, रोज तीन खेळ, जोवर लोक येतील तोवर.

घरी त्याला तिच्यासमोर तोंड उघडायचीच भीती वाटू लागली. आपले ओठ आपल्या नकळत काहीतरी बोलून जातील असं वाटायचं. त्याने दाढेला ठणका लागल्याचं सोंग घेतलं आणि तोंड झाकेल असा मफलर डोक्याभोवती गुंडाळून बसू लागला. तिने लवंग आणून दिली. दोन दिवसांनी म्हणाली, "बाबा, काल डावी दाढ दुखत होती ना?" त्याने मुकाट्याने गालावरचा हात दुसरीकडे नेला. तिने जेवण वाढलं, ताटं उचलली. मफलरच्या बाहेर त्याचे नुसते डोळे होते, आणि ती अधूनमधून त्या डोळ्यांकडे बघत बसायची.

सिनेमा लागला. दोन पास मालकांनी दिले होते, ते त्याने गादीखाली सरकवले होते. दुपारी मुलगी कपडे करून तयार झाली आणि तिने आपल्या पिशवीतून दुसरे दोन पास काढले. "मी ऑफिसातून आणलेत," ती म्हणाली. "मफलर काढा. उकडेल."

थिएटर भरलेलं होतं. दिवे गेले, पेटी आणि व्हायोलिन सुरू झालं. अंधारात तिच्याशी बोलायची सोय नव्हती. पडद्याच्या उजेडात ओठ म्हणजे नुसती सावली. अर्ध्यावर रीळ बदलायला दिवे लागले, तेव्हा त्याला आयती संधी आली. पुढे काय येणार ते सांगून टाकावं, हात जोडावेत, उठून तिला बाहेर न्यावं. ती त्याच्याकडेच बघत होती, त्याच्या तोंडाकडे. त्याने तोंड उघडलं.

"पाणी हवंय?" त्याने विचारलं.

तिने मान हलवली. दिवे गेले.

तुरुंग आला. गज आले. मग त्याचं तोंड आलं, एका भिंतीएवढं. त्याने पडद्याकडे बघितलंच नाही, तो मुलीकडे बघत राहिला. पडद्यावरचा उजेड तिच्या गालावर हलत होता. वाक्य संपायला किती वेळ लागतो ते त्याला पाठ होतं. ते संपलं. तिने डोळेही मिटले नाहीत. आजूबाजूला लोक मुसमुसत होते. मग गालावरचा उजेड बदलला, पाटी आली, आणि त्याने पहिल्यांदा समोर पाहिलं.

'मुली, मला क्षमा कर' असं तिथे असायला हवं होतं. ते नव्हतं. तिच्या त्या गोलसर, नीट अक्षरात तिथे लिहिलं होतं:

'तू होतीस,
म्हणून मी थांबलो.'

उरलेला सिनेमा त्याला दिसला नाही. दिवे लागले, लोक उठले, ढकलाढकली करत दारांकडे गेले. ही दोघं चौथ्या रांगेत बसून राहिली. मागे शेवटच्या रांगेपासून झाडूवाल्याने झाडायला सुरुवात केली.

"कधी वाचलंस?" त्याने विचारलं.

"महिना झाला. दिग्दर्शक वर आले होते. म्हणाले, तुझे वडील ठरलेलं वाक्य बोललेच नाहीत, काय बोललेत बघ, तशी पाटी करू. त्यांनी मला दोनदा दाखवलं."

"आणि तू त्यांना हे सांगितलंस."

"पाटीवर दोनच ओळी मावतात," ती म्हणाली.

मग तीच पुढे बोलली, आणि तिचा आवाज नेहमीसारखा सपाट होता, कारण तो तिला स्वतःला ऐकू येत नव्हता.

"मला त्या वाक्याचा राग नाही आला, बाबा. म्हणजे आला. पहिल्या दिवशी जेवण गेलं नाही. पण ते खरं आहे, आणि अडकलेले तुम्ही एकटे नाही. मला राग आला तो मिशीचा. अकरा वर्षं तिच्याखाली बोललात. माझ्याशी कुणी भांडत नाही, माहितीये? सगळे हळू बोलतात, गोड बोलतात, दोन शब्दांत बोलतात. पाटीसारखं. तुम्हीसुद्धा. मला वाटायचं, माझ्या बाबांना दुसरं काही बोलायचंच नसेल."

त्याचा हात ओठाकडे गेला. मिशी बसली आहे का ते चाचपायला जातो तसा, त्याला कळायच्या आत गेला. तिने तो मनगटाला धरून खाली ओढला आणि मांडीवर दाबून ठेवला.

"न्यायाधीशाचं काम माझं होतं," तो म्हणाला. अकरा वर्षं न वापरलेला आवाज होता तो, आधी घोगरा निघाला, मग मोकळा झाला आणि सरळ मागच्या भिंतीपर्यंत गेला. शेवटच्या रांगेत झाडू थांबला. "पाच पानांचं भाषण. माझ्या वयाचा माणूस. मी नाही म्हणालो. तुला कुठे ठेवणार होतो मी? कुणाच्या जिवावर?"

"खिडकीतून दिसलं मला ते सगळं," ती म्हणाली. "पाच पानं, सरळ कंबर. तुम्ही वर बघितलंत, हात केलात आणि नाही म्हणालात. मला विचारलं होतंत?"

"तू सतरा वर्षांची पोर—"

"मला विचारलं होतंत का?"

नव्हतं विचारलं. न्यायाधीशाचं काम तोवर दुसऱ्या कुणाला गेलं होतं, शेडचा करार तीन वर्षांचा बाकी होता, आणि उद्या सकाळी नव्या सिनेमात त्याला एक नव्वदीचा साधू व्हायचं होतं, छातीपर्यंत दाढी असलेला. ह्यातलं काहीच बदलणार नव्हतं. पण त्या दुपारी रिकाम्या थिएटरात बाप-लेक भांडले, चांगले अर्धा तास, एकमेकांचं तोंड नीट दिसेल असे समोरासमोर बसून. झाडूवाला त्यांच्या रांगेपर्यंत आला आणि त्यांचं आटपेपर्यंत झाडूवर हनुवटी टेकवून उभा राहिला.